असमानता सोडवताना चिन्ह कधी उलटतं आणि बाण कुठे मारायचा

माझी पुतणी परवा वही घेऊन आली, गणित सगळं बरोबर सोडवलेलं, उत्तर −३ > क्ष, आणि खाली संख्यारेषेवर बाण मारलाय उजवीकडे. का तर म्हणे, काका, चिन्हाचं टोक उजवीकडेच आहे ना! ही चूक मला इतक्या पोरांच्या वहीत दिसते की म्हटलं आज नीट लिहूनच काढू.

आधी साधं बघा. मे महिन्यात आमच्या भुसावळला पारा ४५ च्या वर गेला असं आपण म्हणतो तेव्हा एकच आकडा सांगत नाही, ४५.१ पण चालतो, ४६.५ पण चालतो. हेच झालं क्ष > ४५. म्हणजे क्ष ४५ पेक्षा मोठा, आणि अशा मांडणीलाच असमानता म्हणतात. संख्यारेषेवर ४५ ला पोकळ गोल काढा, कारण नेमकं ४५ यात येत नाही, आणि तिथून उजवीकडची रेषा जाड करून बाण द्या. "४५ किंवा त्याहून जास्त" असं असेल तर क्ष ≥ ४५, मग गोल भरून टाकायचा.

सोडवायचं बरंचसं समीकरणासारखंच. समजा रावेरकडचा शेतकरी गाडीत केळी भरतोय, ७५० किलोच्या वर माल चढवायचा नाही, ३० किलोचं सामान आधीच ठेवलंय आणि एक घड १८ किलोचा.

१८क्ष + ३० ≤ ७५०
१८क्ष ≤ ७२०
क्ष ≤ ४०

म्हणजे जास्तीत जास्त ४० घड. पण इथे सलग जाड रेषा काढू नका हं, अर्धा घड किंवा उणे दोन घड असं काही नसतं, म्हणून ० ते ४० पर्यंतच्या पूर्ण संख्यांवर फक्त ठिपके द्यायचे. हे पेपरात पण पोरं विसरतात.

आता खरी अडचण. उणे संख्येनं गुणलं किंवा भागलं की चिन्ह उलटतं, हे सगळ्यांना पाठ असतं पण का ते कोणी सांगत नाही. २ < ५ घ्या. दोन्ही बाजूंना −१ नं गुणा, −२ आणि −५ मिळाले. संख्यारेषेवर बघा, शून्याला आरसा धरल्यासारखं झालं, जो ५ शून्यापासून लांब उजवीकडे होता तोच आता लांब डावीकडे गेला, म्हणून −२ > −५. नुसती बेरीज-वजाबाकी केली तर दोघं एकत्रच सरकतात, क्रम बदलत नाही, म्हणून तेव्हा चिन्हाला हात लावायचा नाही.

पुतणीचं गणित होतं −२क्ष + ५ > ११. सरळ केलं तर −२क्ष > ६, मग −२ नं भागून क्ष < −३. तिनं −२क्ष पलीकडे नेऊन ५ − ११ > २क्ष केलं, तेही बरोबरच, उलटायची भानगडच नको, मला तर हीच पद्धत आवडते. फक्त शेवटी −३ > क्ष आलं की क्ष डाव्या हाताला आणून परत लिहायचं, क्ष < −३. चिन्ह म्हणजे बाण नाही, त्याचं उघडं तोंड मोठ्या संख्येकडे असतं एवढंच.

मग तिला म्हटलं, बाई, आता क्षच्या जागी ० टाक. ५ > ११ आलं, खोटं. मग −४ टाक. ८ + ५ म्हणजे १३ > ११, खरं. तिनं आपल्या रेषेकडे पाहिलं, शून्य जाड भागात आणि −४ बाहेर, आणि काही न बोलता खोडरबर घेतलं.