चित्रपटाच्या प्रॉडक्शन विभागात काम सुरू करताय? या चुका टाळा

मराठी चित्रपटांच्या प्रॉडक्शन विभागात नव्याने येणाऱ्या अनेकांची अशी समजूत असते की, सेटवर धावपळ करून अडचणी निस्तरणे हेच प्रॉडक्शन मॅनेजरचे काम. प्रत्यक्षात त्यांपैकी बहुतेक अडचणींचे मूळ काही आठवडे आधी, पटकथेचे ब्रेकडाउन, म्हणजे प्रत्येक प्रसंगाला काय काय लागेल याची यादी, करताना सुटून गेलेल्या एखाद्या शब्दात असते.

‘रात्री गावातून वरात निघते, नवरदेव घोड्यावर, पुढे चिमुकली करवली’ एवढे एकच वाक्य पटकथेत आहे असे समजा. नवखा माणूस लोकेशन, कलाकार आणि बँड टिपून पान उलटतो. मात्र घोड्यासाठी ॲनिमल वेल्फेअर बोर्डाची पूर्वपरवानगी लागते आणि बोर्डाचे ना-हरकत प्रमाणपत्र नसेल, तर चित्रपट सेन्सॉरकडे अडतो. करवलीसाठी जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी हवी. बालकलाकाराकडून दिवसाला ५ तासांपेक्षा जास्त आणि विश्रांतीशिवाय ३ तासांपेक्षा जास्त काम करून घेता येत नाही, शिवाय त्याच्या कमाईतील किमान २० टक्के रक्कम त्याच्याच नावे राष्ट्रीयीकृत बँकेत मुदत ठेव म्हणून ठेवावी लागते. रात्री १० नंतर उघड्यावर बँड वाजवण्यावर निर्बंध आहेत ते वेगळेच. म्हणून अंधार पडताच आधी करवलीचे, मग वाजंत्रीचे शॉट उरकावेत आणि नवरदेवाचे संवाद शेवटी ठेवावेत. हा क्रम दिग्दर्शक आणि सहायकांशी शूटिंगपूर्वीच ठरवावा, कारण मुलीला झोप अनावर झाल्यावर तिला उभे करणे नियमातही बसत नाही आणि माणुसकीतही नाही.

दुसरी चूक कव्हर सेट, म्हणजे बाहेरचे शूटिंग अडले तर वापरायची पर्यायी आतली जागा, न ठेवण्याची. वाई-भोरकडे ऑक्टोबरमध्ये परतीच्या पावसाने गाठले की, जवळच्या वाड्यातील एखादा अंतर्गत प्रसंग हाताशी असला तरच दिवस वाचतो. त्या प्रसंगाचे कपडे आणि प्रॉपर्टी (प्रसंगात वापरायच्या वस्तू) मात्र गाडीत आधीच भरलेली असायला हवी.

कॉल शीटवर, म्हणजे कोणी सेटवर किती वाजता यायचे हे सांगणाऱ्या रोजच्या पत्रकावर, सर्वांना एकच वेळ देणेही महागात पडते. नऊवारी, दागिने आणि केशरचना असलेल्या नायिकेला तयार व्हायला वेळ लागतो आणि तोवर लाइटिंग पूर्ण होते. तिला इतरांच्याच वेळेला बोलावले तर अख्खे युनिट खोळंबते. दिवस मागे पडतो आहे असे दिसले, तर कोणता प्रसंग सोडायचा याचा निर्णय जेवणाच्या सुट्टीतच घ्यावा. पॅकअपच्या (दिवसाचे शूटिंग संपवण्याच्या) तोंडावर घाईने उरकलेले काम पुन्हा करावे लागण्याची शक्यता फार असते, आणि शिफ्ट लांबली की जादा मोबदलाही द्यावा लागतो.

हिशेबाबाबत एवढेच सांगतो की, डिझेल, चहा-नाश्ता, कन्व्हेयन्स आणि भत्ता यांची व्हाउचरे सह्यांसह त्याच रात्री लावावीत. आठवड्याने बसलात, तर रोख रकमेचा मेळ लागत नाही आणि संशय आधी प्रॉडक्शनच्याच माणसावर येतो.