लेसिकच्या आधी गुंगीची गोळी : या चुका टाळा

चष्म्याचा नंबर घालवायचं ठरतं, तपासण्या होतात, तारीख मिळते आणि मग रात्री झोपताना एकच प्रश्न छळत राहतो : मला भूल देणार ना? आपल्याकडे ऑपरेशन म्हटलं की 'काही कळलंच नाही' असं ऐकायची सवय असते. त्यातून घरात कुणाचं तरी मोतीबिंदूचं ऑपरेशन झालेलं असतं आणि डोळ्याशेजारी टोचलेल्या इंजेक्शनची गोष्ट सगळ्यांना पाठ असते. लेसिकमध्ये, म्हणजे लेसरने चष्म्याचा नंबर घालवण्याच्या ऑपरेशनमध्ये, ना झोपवतात, ना ते इंजेक्शन देतात. रुग्ण पूर्ण जागा असतो, डोळा उघडा असतो आणि समोरच्या दिव्याकडे बघत राहायचं असतं. दुखू नये म्हणून थेंब असतात. गोळी दिलीच तर ती भीतीसाठी असते. या दोन गोष्टींची गल्लत होते आणि पुढच्या बऱ्याच चुका त्यातूनच होतात.

थेंबांचं काम वेगळं, गोळीचं वेगळं

सर्वांत जास्त वापरले जाणारे थेंब प्रोपाराकेनचे, 0.5 टक्के. अर्ध्या मिनिटात कॉर्निया, म्हणजे डोळ्याचा पुढचा पारदर्शक पडदा, बधिर होतो. हा परिणाम साधारण पंधरा मिनिटं टिकतो, म्हणून थेंब पुन्हा पुन्हा टाकतात. टोचणं, जळणं, कापणं यातलं काही जाणवत नाही. दाब मात्र जाणवतो. पापण्या उघड्या ठेवणारा चिमटा लावला की ताण येतो. पडद्याचा पातळ पापुद्रा करण्यासाठी डोळ्यावर रिंग बसवून ती हवेच्या ओढीने धरून ठेवतात, तेव्हा डोळा दाबल्यासारखा वाटतो आणि काही सेकंद समोर अंधारून येतं. मग लेसरचा टकटक आवाज येतो, केस जळल्यासारखा वास येतो. हे सगळं अपेक्षित आहे. कुणी आधी सांगितलेलं नसेल, तर रुग्णाला वाटतं की थेंब लागलेच नाहीत, आणि तिथेच तो घाबरतो.

गोळी बहुतेक ठिकाणी डायझेपामची 5 मिलिग्रॅम, अल्प्राझोलामची 0.25 किंवा 0.5 मिलिग्रॅम, किंवा लोराझेपामची 1 मिलिग्रॅम असते. ती अर्धा ते एक तास आधी देतात. तिने धडधड कमी होते, खांदे सैल पडतात. दुखणं कमी करण्याची ताकद तिच्यात नाही. शिरेतून मिडाझोलाम देण्याची सोय काही ठिकाणी असते. पण त्यासाठी भूलतज्ज्ञ, बोटाला लावायचं ऑक्सिजन मोजणारं यंत्र आणि गरज पडली तर श्वासाला मदत करण्याची तयारी हजर हवी. पूर्ण भूल फार क्वचित देतात : लहान मुलं, ज्यांचे डोळे सतत थरथरतात असे रुग्ण, किंवा सूचना समजून त्याप्रमाणे वागणं ज्यांना शक्य नाही असे लोक.

'डॉक्टर, मला झोपवूनच टाका' हा हट्ट

ही चूक सर्वांत जास्त होते आणि त्यामागचं भय अगदी खरं असतं, म्हणून तिच्यावर थोडं सविस्तर लिहितो.

लेसरने पडद्याचा भाग घासायचा तो नजरेच्या बरोबर मध्यावर. ती जागा तुमच्या बघण्यानेच ठरते. समोरच्या लुकलुकत्या दिव्यावर नजर स्थिर असेल तेव्हा डोळा सरळ असतो. झोप लागली, की बहुतेकांचे डोळे वरच्या बाजूला फिरतात. नुसत्या पेंगण्यानेही नजर हळूहळू सरकते. लेसिकच्या यंत्रात डोळ्याच्या हालचालीचा मागोवा घेणारी यंत्रणा असते. ती सेकंदाला शेकडो वेळा जागा तपासते आणि डोळा मर्यादेबाहेर गेला तर लेसर आपोआप थांबतं. पण ही यंत्रणा बारीक हालचाल सांभाळण्यासाठी आहे, झोपेत वर फिरलेल्या डोळ्यासाठी नाही. स्माइल पद्धतीत, म्हणजे पापुद्रा न करता छोट्या छेदातून नंबर घालवण्याच्या दुसऱ्या लेसर पद्धतीत, तर असा मागोवा घेणारी यंत्रणा मुळात नसते. काचेचा भाग डोळ्याला टेकताना तुम्ही नेमकं कुठे बघता, यावर केंद्र ठरतं. त्यानंतर साधारण अर्धा मिनिट डोळा न हलवता राहायचं असतं. जास्त गुंगीतला माणूस नेमका इथे दचकतो, डोळा सुटतो आणि सगळं थांबवावं लागतं.

म्हणून चांगले डॉक्टर गोळी कमीत कमी ठेवतात. 'आमच्याकडे काहीच कळत नाही' अशी जाहिरात दिसली, तर नेमकं कोणतं औषध, किती, कोण देणार आणि लक्ष कोण ठेवणार, हे चारही प्रश्न विचारा.

घरातली गोळी खाऊन येणं

आजोबांची झोपेची गोळी कपाटात असते, मैत्रीण म्हणते 'अर्धी घे, काही होत नाही'. कृपा करून घेऊ नका. अल्प्राझोलाम, डायझेपाम ही औषधं आपल्या कायद्यात शेड्यूल एच-वन मध्ये येतात. चिठ्ठीशिवाय ती विकता येत नाहीत आणि औषधविक्रेत्याला प्रत्येक विक्रीची नोंद ठेवावी लागते. हा नियम उगाच नाही. तुम्ही घरून एक घेतली, रुग्णालयात ती सांगितली नाही, तिथे दुसरी मिळाली, की दोन्हींची बेरीज होते.

उलट परिणामही होतो. काही लोकांना, विशेषतः वयस्कर माणसांना आणि मुलांना, या गोळ्यांनी शांत वाटण्याऐवजी बेचैनी येते, चिडचिड होते, उठून बसावंसं वाटतं. असं यापूर्वी कधी झालं असेल तर ते आवर्जून सांगा.

जे सांगायला लाज वाटते, ते न सांगणं

माझ्या मते सगळ्यांत धोकादायक चूक हीच. दारू, झोपेच्या गोळ्या, मानसोपचाराची औषधं यांचा विषय निघाला की लोक 'नाही' म्हणून मोकळे होतात, कारण शेजारी आई किंवा सासूबाई बसलेल्या असतात. एकट्याने बोलायचंय असं सांगा. तो तुमचा हक्क आहे.

रोज अल्प्राझोलाम घेणाऱ्याला नेहमीचा डोस पुरत नाही. ऑपरेशनच्या भीतीने त्याने ती अचानक बंद केली, तर झटकेही येऊ शकतात. आदल्या रात्री दारू घेतली आणि सकाळी गोळी, तर गुंगी दुप्पट जड होते. कोडीनवालं खोकल्याचं औषध, ट्रामाडॉलची दुखण्याची गोळी, सर्दीसाठीची झोप आणणारी गोळी, या सगळ्यांचा परिणाम याच दिशेचा.

आणखी एक गोष्ट सहसा कुणाच्या लक्षातच येत नाही. आपल्याकडच्या दमट हवेत नायटा घरोघरी आहे आणि त्यासाठी इट्राकोनाझोलच्या कॅप्सूल महिनोन्महिने चालतात. हे औषध अल्प्राझोलाम शरीरातून लवकर बाहेर पडू देत नाही. साधी 0.5 ची गोळीही मग जड पडते, म्हणून ही दोन औषधं एकत्र द्यायचीच नसतात. कीटोकोनाझोलच्या गोळ्यांचंही तसंच. क्लॅरिथ्रोमायसिन हे अँटिबायोटिकही याच मार्गाने अल्प्राझोलामचा परिणाम वाढवतं. त्वचेच्या डॉक्टरांची चिठ्ठी डोळ्यांच्या डॉक्टरांना दाखवायची, हे कुणाला सुचणार? पण दाखवा.

जोरात घोरणं, झोपेत श्वास अडकणं, दमा, अरुंद कोनाचा काचबिंदू, स्नायू थकवणारा मायस्थेनिया, ही माहितीही गोळीच्या आधी द्यायची. यापैकी काही असेल तर गोळी टाळतात किंवा दुसरा मार्ग काढतात.

सही गोळीनंतर करणं

संमतिपत्र गोळी घेण्यापूर्वी वाचून, शंका विचारून सही करायचं. गुंगीत असताना सही करून घेणं योग्य नाही. सकाळच्या घाईत कुणी आधी गोळी हातावर ठेवली, तर 'आधी कागद द्या' असं नम्रपणे सांगा. आदल्या दिवशीच कागद घरी नेऊन वाचता आले तर उत्तम.

उपाशी यायचं की खाऊन?

इथे फार गोंधळ होतो, कारण उत्तर औषधावर अवलंबून आहे. फक्त थेंब किंवा थेंब आणि एक गोळी असेल, तर बहुतेक ठिकाणी हलकी न्याहारी चालते, किंबहुना करावीच. रिकाम्या पोटी गोळी आणि वर ताण, म्हणजे चक्कर आलीच. शिरेतून गुंगी किंवा पूर्ण भूल द्यायची असेल, तर हलकं खाणं सहा तास आधी आणि पाणी दोन तास आधी थांबवायचं, हा सर्वसाधारण नियम. तळलेलं, जड जेवण असेल तर आठ तास. त्या दिवशी तुमचा उपास असेल, किंवा मधुमेहाची गोळी चालू असेल, तर तारीख घेतानाच सांगा. कडक चहा-कॉफी मात्र टाळा. हात थरथरतात आणि धडधड वाढते, मग गोळीचा उपयोग काय?

टेबलावर गेल्यावर काही बिनसलं तर

गोळी घेऊन तास झाला आणि अजून धडधडतंय? दुसरी गोळी मागू नका, सांगा. डॉक्टर थोडं थांबतील किंवा बोलत राहतील. तुमचा नंबर लांबला असेल, तर गोळी किती वाजता घेतली ते नर्सला आठवण करून द्या.

खोकला किंवा शिंक येतेय असं वाटलं, तर मान न हलवता तोंडाने सांगा. मान डोलावून 'हो' म्हणायची आपली सवय इथे फार नडते. श्वास रोखून धरू नका. तसं केलं की शरीर ताठ होतं आणि डोळाही वर जातो. हातात मऊ चेंडू किंवा रुमाल धरला तर बरं वाटतं, मागितला तर देतात. 'किती सेकंद उरले ते मोठ्याने मोजा' असंही डॉक्टरांना सांगता येतं, आणि अनेकांना गोळीपेक्षा त्याचाच आधार वाटतो.

रिंगची पकड सुटली, तर यंत्र थांबतं आणि डॉक्टर ती पुन्हा बसवतात. क्वचित तेवढ्यावर थांबून पुढची तारीख देतात. अशा वेळी डॉक्टरांनी घाई न करणं हे तुमच्या हिताचं असतं.

एक सराव मी सगळ्यांना सुचवतो. घरी आडवं होऊन एक डोळा हाताने झाका आणि छतावरच्या एका ठिपक्याकडे अर्धा मिनिट बघत राहा, श्वास सावकाश चालू ठेवा. आठवडाभर रोज केलं की टेबलावर तीस सेकंद भीतीदायक लांब वाटत नाहीत.

परत जाताना आणि घरी

स्कूटरवर मागे बसून जाणंही चूक आहे. गुंगीतला माणूस खड्ड्यात तोल सावरू शकत नाही. रिक्षा किंवा गाडी करा. गाडी चालवणं, दारू, व्यवहाराच्या सह्या, स्वयंपाकघरात चाकू आणि गॅस, हे सगळं किमान 24 तास बंद. डायझेपाम शरीरात दिवसभराहून जास्त टिकतं, तुम्हाला ताजंतवानं वाटलं तरी.

सोबतचा माणूस फक्त घरी पोचवायला नसतो. या गोळ्यांमुळे त्या तासांतली आठवण पुसट होते. ऑपरेशननंतर सांगितलेलं थेंबांचं वेळापत्रक तुम्हाला आठवेलच असं नाही. ते सोबतच्याने ऐकायचं आणि कागदावर घ्यायचं. लेसिकनंतर पहिले काही तास चुरचुरतं, पाणी येतं, तेव्हा गोळीमुळे लागणारी झोप खरोखर उपयोगी पडते. पण त्याआधी डोळ्यावर प्लॅस्टिकची ढाल लावलेली आहे ना, ते पाहा. झोपेत डोळा चोळला गेला, तर नुकताच बसवलेला पापुद्रा सरकतो.

पीआरके, म्हणजे पापुद्रा न करता कॉर्नियाचा वरचा थर काढून लेसर देण्याची पद्धत, झालेल्यांना दोन-तीन दिवस चांगलंच दुखतं, कारण वरचा थर नव्याने भरून यायचा असतो. मग कुणीतरी सुचवतं, 'ते बधिर करणारे थेंब घरी आणून टाक ना'. हे कधीही करू नका. वारंवार टाकलेल्या त्या थेंबांनी जखम भरत नाही आणि कॉर्निया विरघळण्यापर्यंत वेळ येऊ शकते. औषधाच्या दुकानात मिळाले तरी घ्यायचे नाहीत. पट्टीसारखी लेन्स, कृत्रिम अश्रू आणि डॉक्टरांनी लिहिलेलीच वेदनाशामकं, एवढ्यावर ते दिवस निघतात.

दुखणं कमी होण्याऐवजी वाढत गेलं, दिसणं अचानक कमी झालं किंवा घट्ट पांढरट स्राव आला, तर गोळी घेऊन झोपून जाऊ नका, त्याच वेळी रुग्णालयात फोन करा. आणि गोळीनंतर माणूस हाका मारूनही उठत नसेल, श्वास फार मंद वाटत असेल, ओठ निळसर दिसत असतील, तर त्याला कुशीवर वळवा, 108 ला फोन करा आणि कोणत्या गोळ्या घेतल्या त्यांची पाकिटं रुग्णवाहिकेतल्या डॉक्टरांच्या हाती द्या.