कॅमेरा मुद्दाम हलवून फोटो कसा काढावा

फोटो हलला की आपण तो डिलीट करतो. इथे तो मुद्दाम हलवायचा आहे, आणि सरावाला घरातली पट्ट्यांची सोलापुरी चादर पुरते.

चादर सावलीत दोरीवर टाका. कॅमेरा शटर प्रायॉरिटीवर (शटर किती वेळ उघडा राहणार ते आपण ठरवायचं, बाकी कॅमेरा बघतो), आयएसओ म्हणजे प्रकाशाची संवेदनशीलता 100, शटर पाव सेकंद. (मोबाईल असेल तर प्रो मोड, म्हणजे हे आकडे हाताने ठरवता येणारा मोड.) स्टॅबिलायझेशन, म्हणजे हाताची थरथर सावरणारी सोय, बंद करा, नाहीतर तुम्ही हलवणार आणि ते सावरत बसणार. चादरीवर एकदा फोकस धरून तो मॅन्युअल करून टाका, म्हणजे कॅमेरा तो आपोआप बदलणार नाही. आता कॅमेरा पट्ट्यांच्या दिशेने सरकवा. पट्टे टिकतात, बारीक नक्षी विरघळते. मग पट्ट्यांना छेदून सरकवा, सगळ्या रंगांचा लगदा होतो. मेख इथेच आहे. जी रेघ ठेवायची, हात तिच्याच दिशेने जायला हवा.

बटण दाबायच्या आधी कॅमेरा हलता हवा आणि क्लिक झाल्यावरही क्षणभर हलत राहायला हवा. दाबून मग हलवलात तर फोटोत आधी स्पष्ट ठसा उमटतो आणि त्याला शेपूट फुटतं. आडवं फिरताना कंबरेतून वळा, मनगटातून नको.

आपल्याकडच्या भर उन्हात आयएसओ 100 आणि एफ/16 ला (लेन्सचं छिद्र बारीक) शटर 1/125 सेकंदाच्या आसपास येतो. सहा स्टॉपचा एनडी फिल्टर (लेन्सवरची काळपट काच; प्रत्येक स्टॉपला प्रकाश निम्मा) लावला की तो अर्ध्या सेकंदावर उतरतो. फिल्टर नसेल तर दिवस मावळेपर्यंत थांबा. सोलापूरच्या सिद्धेश्वर तलावाची मजा तशीही तेव्हाच. काठ आडवा, म्हणून कॅमेराही आडवा फिरवा, शटर अर्धा सेकंद. प्रत्येक दिव्याची एक रेघ होते.

जानेवारीतल्या गड्डा यात्रेत, म्हणजे सोलापूरच्या सिद्धेश्वराच्या जत्रेत, गणित उलटं. सात नंदीध्वजांच्या उंच काठ्या, खाली पांढऱ्या बाराबंदीतली (बंदांनी बांधायच्या अंगरख्यातली) माणसं. पहिल्या वर्षी मी सवयीने आडवा फिरवला, एकही काठी उरली नाही, नुसता पांढरा धुरळा. कॅमेरा वरून खाली आणा. शटर 1/8 पुरे, कारण काठीही डोलत पुढे सरकत असते. आणि कोपर शेजाऱ्याला लागणार नाही एवढं बघा.

रॉमध्ये (कॅमेऱ्याच्या कच्च्या, प्रक्रिया न केलेल्या फाईलमध्ये) काढा आणि मागच्या छोट्या पडद्यावर बघून काही उडवू नका. शंभरातले तीन-चारच ठेवण्यासारखे निघतात, आणि ते घरी मोठ्या स्क्रीनवरच ओळखू येतात.