कपड्यांवरील ऑइल पेंटचे डाग कसे काढावेत

भिंतीचा इमल्शन रंग ओला असेपर्यंत थंड पाण्याने व साबणाने निघतो. दारे-खिडक्यांना लावतात त्या ऑइल पेंटला मात्र टर्पेंटाइनच लागते. ते आधी शिवणीच्या आतल्या बाजूस लावून कापडाचा मूळ रंग जात नाही ना, हे पाहावे. मग जाडसर थर बोथट सुरीने खरवडून, डाग जुन्या सुती फडक्यावर पालथा ठेवावा आणि मागच्या बाजूने टर्पेंटाइनच्या बोळ्याने टिपत राहावे, म्हणजे रंग कापडात न पसरता फडक्यात उतरतो. चोळण्याचा मोह आवरावा. काम खिडकी उघडी ठेवून, शेगडीपासून दूर करावे आणि टर्पेंटाइनचा वास पूर्ण जाईपर्यंत कपडा हातानेच धुवावा. रेशमी साडीवर मात्र हे प्रयोग नकोत; ती सरळ ड्रायक्लीनरकडे द्यावी.