परदेशातून कायमचं मुंबईत परतताना: कागद, पैसा, घर आणि मन

परतायचा विचार पक्का झाला की लोक आधी तिकिटं बघतात. तिकीट शेवटी काढायचं असतं. शाळेचा प्रवेश, आरोग्य विमा, पेन्शनचे हिशेब आणि तिकडचा रहिवासाचा परवाना यांची घड्याळं वेगवेगळी चालतात, आणि ती जुळवायला निदान अठरा महिने लागतात. त्याआधी एक काम आहे, ते कुठल्याच फॉर्ममध्ये नाही.

एक वही घ्या. चार आठवडे रोज रात्री एकच ओळ लिहा: आज नेमकं काय खुपलं? नवरा-बायकोने वेगळ्या वह्या कराव्यात आणि महिना संपेपर्यंत एकमेकांच्या वाचू नयेत. मग ओळी तीन ढिगांत वाटा: कागदांचा त्रास, कामाचा त्रास, माणसांचा त्रास. कागदांचा त्रास म्हणजे अमेरिकेतली ग्रीन कार्डाची रांग. नोकरीच्या मार्गाने दरवर्षी मिळणाऱ्या कार्डांपैकी कुठल्याही एका देशाला साधारणपणे ७ टक्क्यांहून जास्त मिळत नाहीत, म्हणून भारतीयांची रांग दशकांची झाली आहे, आणि मूल २१ वर्षांचं झालं की आई-बापांच्या अर्जातून बाहेर पडू शकतं. हा त्रास मुंबईत आल्यावर खरोखर संपतो. कामाचा त्रास, म्हणजे पंधरा वर्षं राबूनही बैठकीत आपलं म्हणणं शेवटी ऐकलं जाणं, अर्धाच संपतो. इथल्या कार्यालयांत त्याची वेगळी रूपं भेटतात. तिसरा ढीग सर्वांत फसवा. ‘इथे कुणी दार वाजवत नाही’ असं लिहिणाऱ्याला मुंबईत दार वाजवणारे मिळतील, पण दिवसातून सहा वेळा, न विचारता. तिसरा ढीग सर्वांत मोठा असेल तर घाई करू नका. ज्यांना माणसं हवी असतात, त्यांना बहुधा वीस वर्षांपूर्वीची माणसं हवी असतात.

चाचणी म्हणून मुंबईत तीन आठवडे राहा, पण डिसेंबरात नको. डिसेंबरातली मुंबई पाहुण्यांसाठी असते: हवा बरी, लग्नं, हुरडा, भाऊ सुट्टी काढून स्टेशनवर हजर. जुलैत या. तिकडचं काम इथून करत राहा, डोंबिवलीत किंवा मुलुंडला राहून सकाळी आठ-साडेआठची लोकल धरा, एकदा बँकेत आणि एकदा वॉर्ड ऑफिसात स्वतः जाऊन काम करून घ्या. २०१५ साली गेलेल्या माणसाला शहराचा नकाशाच बदललेला दिसेल. अटल सेतू २०२४ मध्ये सुरू झाला, आरे ते कफ परेड भुयारी मेट्रो २०२५ मध्ये पूर्ण झाली. कुठे राहायचं हा प्रश्न त्यामुळे नव्याने सोडवावा लागतो. ‘आपलं ते पार्ले’ हे उत्तर आता सवयीचं आहे, हिशेबाचं असेलच असं नाही.

देसी सल्ल्याची मर्यादा

परदेशात आपण आणि लाहोर-कराचीचे लोक एकाच दुकानातून पीठ घेतो, एकाच ग्रुपवर सल्ले विचारतो. ब्रिटनच्या जनगणनेत १९९१पासून ‘भारतीय’ आणि ‘पाकिस्तानी’ असे वेगळे चौकोन आहेत, रस्त्यावर मात्र दोघांना एकच नाव पडतं. दुःखही सारखं वाटतं, पण त्याची मुळं वेगळी आहेत. ११ सप्टेंबर २००१नंतर अमेरिकेने विशेष नोंदणी सुरू केली. तिच्यात पाकिस्तानसह पंचवीस देशांच्या, तात्पुरत्या व्हिसावर आलेल्या, १६ वर्षांवरच्या पुरुषांना कार्यालयात जाऊन बोटांचे ठसे आणि जबाब द्यावे लागले. ती २०११मध्ये थांबली, नियम २०१६मध्ये रद्द झाले. ज्याने या रांगेत उभं राहून नाव नोंदवलं, त्याचा त्या देशावरचा विश्वास ज्या जागी तुटला, ती जागा ग्रीन कार्डाची वाट बघणाऱ्या पुणेकराची नाही.

परतीची दारंही वेगळी. पाकिस्तान ब्रिटन आणि अमेरिकेसह काही देशांबरोबर दुहेरी नागरिकत्व मान्य करतो, त्यामुळे शेजारचे साहेब ब्रिटिश पासपोर्ट ठेवून पाकिस्तानी ओळखपत्रावर कराचीत उतरू शकतात. आपल्याकडे ते नाही. परदेशी नागरिकत्व स्वेच्छेने घेतलं त्या क्षणी १९५५च्या कायद्याने भारतीय नागरिकत्व जातं. भारतीय पासपोर्ट परत करून त्याचा दाखला घ्यावा लागतो आणि मगच ओसीआय कार्डाचा, म्हणजे परदेशी नागरिक झालेल्या भारतीय मुळांच्या माणसाला व्हिसाशिवाय भारतात राहू देणाऱ्या कार्डाचा, अर्ज करता येतो. जुना पासपोर्ट ‘असू दे जवळ’ म्हणून ठेवणं आणि त्यावर प्रवास करणं हा दंडनीय अपराध आहे. नेमकी ही चूक शेजाऱ्याचं ऐकून होते.

ज्या घरात लग्न सीमेपलीकडे झालं आहे, त्यांनी सगळ्यांच्या आधी हे तपासावं: ज्यांचे आई-वडील, आजी-आजोबा किंवा पणजी-पणजोबा यांच्यापैकी कुणीही कधीही पाकिस्तानचं नागरिक होतं, त्यांना ओसीआय मिळत नाही. म्हणजे दादरची आई आणि लाहोरी मुळांचे ब्रिटिश वडील यांचं लंडनला जन्मलेलं मूलही अपात्र ठरतं. त्यांना ई-व्हिसाही चालत नाही. भारतीय वकिलातीत नेहमीचा व्हिसा मागावा लागतो आणि त्याला वेळ लागतो. घर विकून झाल्यावर हा नियम कळला तर पाय ठेवायला जागा राहत नाही. सिंध १९३६पर्यंत मुंबई इलाख्यात होता आणि कराचीची एक जुनी शाळा आजही नारायण जगन्नाथ वैद्य या मराठी माणसाच्या नावाने चालते. फाळणीनंतर तिकडेच राहिलेल्या मराठी घरांच्या पुढच्या पिढ्यांनाही हाच नियम लागतो.

मागचं दार किती दिवस उघडं राहतं

ग्रीन कार्डवाला एक वर्षाहून जास्त बाहेर राहणार असेल तर निघण्याआधी आय-१३१ अर्ज करून परतीचा परवाना घ्यावा. अर्ज अमेरिकेत असतानाच करावा लागतो, आणि परवाना साधारण दोन वर्षांचा मिळतो. ब्रिटनचा कायम रहिवासाचा हक्क सलग दोन वर्षं बाहेर राहिलं की संपतो. कॅनडात पाच वर्षांत ७३० दिवस हजेरी हवी. या तारखा कॅलेंडरवर लाल शाईने लिहा, कारण परतण्याचा निर्णय फिरवण्याची खरी मुदत हीच असते.

पेन्शनचा हिशेब निघण्याआधीच करा. अमेरिकेत सोशल सिक्युरिटीसाठी ४० क्रेडिट लागतात, म्हणजे साधारण दहा वर्षांचं काम. भारताशी त्यांचा वर्षं जोडून धरण्याचा करार नाही. साडेनऊ वर्षांनी निघालेल्याला काही मिळत नाही, त्यामुळे सहा महिने थांबण्याला इथे अर्थ आहे. ब्रिटनमध्ये किमान दहा वर्षांची नोंद हवी, पूर्ण रकमेला ३५. आणि भारतात राहिलं की ही पेन्शन पहिल्या दिवशीच्या आकड्यावर गोठते, दरवर्षी वाढत नाही. पाकिस्तानात परतलेल्यांनाही तेच. अमेरिकेतलं ४०१-के, म्हणजे नोकरीतून निवृत्तीसाठी साठवलेलं खातं, वयाच्या साडेएकोणसाठ वर्षांच्या आत फोडलं तर कराखेरीज काढलेल्या रकमेवर आणखी १० टक्के दंड जातो. रोख हाताशी हवी म्हणून ते मोडू नका.

तारीख आणि कर

भारताचं करवर्ष १ एप्रिलला सुरू होतं आणि त्या वर्षात १८२ दिवस भरले की तुम्ही निवासी. म्हणून ‘ऑक्टोबरनंतर या’ असा सल्ला सगळीकडे मिळतो. तो ऐकून मुलांची शाळा मध्यात तोडणारे खूप आहेत, आणि बहुतेकांना त्याची गरज नसते. आधीच्या दहापैकी नऊ वर्षं अनिवासी असाल, किंवा आधीच्या सात वर्षांत भारतात ७२९ किंवा त्याहून कमी दिवस राहिला असाल, तर तुम्ही ‘निवासी पण सामान्यतः निवासी नाही’ या वर्गात येता. ही स्थिती साधारण दोन-तीन करवर्षं टिकते आणि तोपर्यंत परदेशातल्या उत्पन्नावर इथे कर नाही. तेव्हा शाळेची तारीख धरा, कराची सोडा. ही मुदत संपली की मात्र विवरणपत्रात परदेशी मालमत्तेची यादी द्यावी लागते. तिकडचं जुनं, विसरलेलं बँक खातंही त्यात येतं, आणि ते दडवल्यास १० लाखांचा दंड होऊ शकतो.

बँकेचा नियम वेगळा आहे आणि तिथेच गोंधळ होतो. परकीय चलनाच्या कायद्यासाठी १८२ दिवसांची वाट बघायची नसते. कायमचं राहायला आलात की लगेच बँकेला कळवून एनआरई आणि एनआरओ ही अनिवासींची खाती निवासी करून घ्यायची. एनआरई ठेवीवरचं करमुक्त व्याज तिथे थांबतं. डॉलर-पौंड तसेच ठेवायचे असतील तर आरएफसी, म्हणजे परतलेल्यांसाठीचं परकीय चलनाचं खातं उघडा. तिकडची घरं, शेअर, खाती तिकडे असताना मिळवलेली असतील तर ती ठेवता येतात, विकायची सक्ती नाही. अमेरिकी नागरिकांनी एक जास्त लक्षात ठेवावं: मुंबईत राहूनही तिकडे दरवर्षी विवरणपत्र भरावं लागतं, आणि भारतीय म्युच्युअल फंडांवर तिकडे फार जाचक कर लागतो. मुंबईच्या बँकेतला तरुण हौसेने फंड सुचवेल, तेव्हा सही करू नका.

सामान

अमेरिकेत वीज १२० व्होल्ट आणि ६० हर्ट्झ, मुंबईत २३० आणि ५०. ट्रान्सफॉर्मरने व्होल्ट बदलतात, हर्ट्झ बदलत नाहीत, म्हणून धुलाई यंत्रासारख्या मोटरच्या अनेक वस्तू मंद चालतात आणि तापतात. मिक्सर, व्हॅक्युम, धुलाई यंत्र विकून या. चार्जरवर १००-२४० लिहिलं असेल तर तो चालतो. ब्रिटनची उपकरणं चालतात, फक्त पिन बदलावी लागते.

जहाजाचं सामान न्हावा शेवाला उतरतं आणि ते सोडवायला मालकाचा पासपोर्ट लागतो. सामान माणसाआधी पोचलं की बंदरावरचं भाडं दिवसागणिक चढतं. प्रत्येक खोक्यावर क्रमांक, यादीत वस्तू, वर्ष आणि अंदाजे किंमत. पुस्तकं जूनमध्ये उतरतील अशी कधीच पाठवू नका. मुंबईच्या दमटपणाने महिन्यात बुरशी धरते, चामड्याच्या वस्तूंचंही तेच.

घर, विमा, शाळा

तुमचाच फ्लॅट भाड्याने दिलेला असेल तर आधी करार बघा. महाराष्ट्रात लिव्ह अँड लायसन्स करार लेखी आणि नोंदणीकृत हवा. नसेल तर अटींवरून वाद झाल्यास भाडेकरूचं म्हणणं ग्राह्य धरलं जातं. फ्लॅट नसेल तर पहिले अकरा महिने भाड्याने राहा, लगेच विकत घेऊ नका. आई-बाबांच्या दोन खोल्यांत आधी जायचंच, पण तीन महिन्यांची मर्यादा जाण्याआधीच ठरवून सांगा. चौथ्या महिन्यात प्रेम तेवढंच असतं, सकाळचं बाथरूमचं वेळापत्रक मात्र चालेनासं होतं.

आरोग्य विमा परतण्याआधीच घ्या. आधीपासूनच्या आजारांसाठी कंपनी कमाल तीन वर्षं थांबायला लावू शकते. मधुमेह असलेल्या माणसाने विमानातून उतरल्यावर अर्ज केला तर ती वर्षं तिथून मोजली जातात.

राज्य मंडळाची शाळा जूनमध्ये सुरू होते, आयबी या आंतरराष्ट्रीय अभ्यासक्रमाची शाळा ऑगस्टमध्ये. अमेरिकेतून मे-जूनमध्ये निघणाऱ्या मुलाला दुसरी सोयीची. २०२०च्या कायद्याने राज्यातल्या सर्व मंडळांच्या शाळांत मराठी सक्तीची आहे. घरी बोलता येणाऱ्या मुलाला लिहिता येत नाही, हे पहिल्याच आठवड्यात उघडं पडतं आणि मूल लाजतं. निघण्याआधी सहा महिने रोज वीस मिनिटं बाराखडी आणि जोडाक्षरं, पालकांपैकी एकानेच शिकवावी. उच्चारावर हसू नका, आजीलाही सांगून ठेवा.

पहिलं वर्ष

‘का आलात? नोकरी गेली का?’ हा प्रश्न वॉचमनपासून मावशीपर्यंत सगळे विचारतील. उत्तर एका वाक्यात, खरं, आणि घरातल्या सगळ्यांचं एकच असावं. नाहीतर नवरा ‘आई-बाबांसाठी’ म्हणतो, बायको ‘मुलांसाठी’, आणि मुलांना वाटतं आपल्यामुळे सगळं मोडलं.

पहिले दोन महिने सणासारखे जातात. तिसऱ्या-चौथ्या महिन्यात मन खाली जातं, कारण तोवर पाहुणचार आटलेला असतो आणि इथलं काम अजून आपलं झालेलं नसतं. त्या दिवसांत मोठे निर्णय घेऊ नका. ‘तिकडे असं असतं’ हे वाक्य घराबाहेर बंद, घरात चालेल. आठवड्यातून एक संध्याकाळ तिकडच्या मित्रांशी बोलायला राखून ठेवा, मुलांनाही. तिकडचं आयुष्य मिटवून टाकायला गेलं की ते जास्त दुखतं. मंगला धरणाखाली जमिनी गेलेले, पाकव्याप्त काश्मीरमधल्या मीरपूरचे लोक साठच्या दशकात उत्तर इंग्लंडच्या गिरण्यांत ‘दोन-चार वर्षांसाठी’ गेले आणि मीरपुरात मोठमोठी घरं बांधत राहिले. बायका-मुलं इंग्लंडला आली, घरं तशीच बंद राहिली. ठाण्या-पुण्यातल्या कुलूपबंद फ्लॅटांकडे पाहिलं की आठवतं: ज्यांचं मन दोन ठिकाणी असतं, त्यांचं घर बहुधा तिसऱ्याच ठिकाणी पैसे खात असतं. असा फ्लॅट असेल तर त्यात राहायला या किंवा विका.

परतल्यानंतर अठराव्या महिन्यात पुन्हा वही काढा, पुन्हा चार आठवडे लिहा आणि जुन्या ओळींशेजारी ठेवून वाचा. मागचं दार अजून उघडं असताना हे व्हायला हवं. राहायचं ठरलं, तर भारतीय पासपोर्टवाल्यांनी मतदार यादीसाठी फॉर्म ६ भरावा. ओसीआयवाल्यांना मत नाही आणि शेतजमीन विकत घेता येत नाही. ओसीआय म्हणून पाच वर्षं झाली असतील आणि अर्जाआधीचे बारा महिने भारतात राहिला असाल, तर भारतीय नागरिकत्व परत मागता येतं. त्यासाठी परदेशी नागरिकत्व सोडावं लागतं. बारा महिन्यांचं वास्तव्य दाखवायचं असतं, म्हणून त्या काळात परदेशवाऱ्या शक्य तितक्या टाळा आणि प्रत्येक प्रवेश-निर्गमन शिक्क्याची प्रत जपून ठेवा.