पोरांना ॲमेझॉन शिकवायची तर आधी कृष्णा काढायला लावा

माझी पोरगी 'लांबी साधारण ६४०० किमी' एवढं घोकून मोकळी झाली, पण नदी कुठनं कुठं जाते विचारलं तर गप्पच. मग रविवारी बसून जे केलं ते सांगतो, सांगलीतल्या पोरांना हे पटकन कळतं कारण अर्धी नदी त्यांना आधीच माहिती असते.

दोन ड्रॉइंग पेपर जोडा, त्यावर दक्षिण अमेरिकेचा वरचा अर्धा भाग काढा, स्केल १ सेंमी म्हणजे १०० किमी. निळा दोरा ६४ सेंमी कापा आणि कृष्णेसाठी दुसरा १४ सेंमीचा. दोन्ही शेजारी ठेवले की पोरं आपोआप गप्प होतात.

आता दोरा कुठनं सुरू करायचा? पेरूतल्या अँडीज डोंगरातनं, म्हणजे पॅसिफिक समुद्राच्या अगदी जवळनं. तरी नदी तिकडं न जाता पूर्वेला अटलांटिकपर्यंत जाते. इथं थांबा आणि विचारा, आपली कृष्णा महाबळेश्वरला उगवते, अरबी समुद्र हाकेच्या अंतरावर, मग ती बंगालच्या उपसागराला का जाते? उत्तर दोन्हीकडं एकच, पश्चिमेला डोंगराची भिंत आणि उतार पूर्वेला.

उतारावर जरा जास्त वेळ द्या, सगळी गंमत तिथंच आहे. पेरूतलं नदीकाठचं इक्विटोस शहर समुद्रसपाटीपासून फक्त १०० मीटरच्या आसपास आणि समुद्र अजून ३००० किमीच्या पुढं! आपली सांगली साडेपाचशे मीटरच्या आसपास. एवढ्या सपाटीमुळं तिथलं पाणी सावकाश चढतं. सांगलीत जिथं पाण्याची पातळी मोजतात त्या आयर्विन पुलाखाली कृष्णा दोनचार दिवसात वाढते, २०१९ ला ५७ फुटांवर गेली ते पोरांनी ऐकलेलं असतंच. ब्राझीलमधल्या मनौस शहरात मात्र पाणी महिनोन्महिने चढत राहतं, जूनच्या सुमारास सगळ्यात वर आणि ऑक्टोबर-नोव्हेंबरला तळाला, फरक साधारण १० मीटर. पाणी चढलेलं असतं त्या काळात नदीकाठचं जंगल महिनोन्महिने पाण्यात उभं असतं आणि मासे झाडांची फळं खात फिरतात. नकाशावर हा पट्टा फिकट निळा रंगवा.

मनौसजवळचा संगम काढताना दोन ग्लास घ्या. एकात कोरा चहा, दुसऱ्यात नदीकाठची माती ढवळलेलं पाणी. चहा म्हणजे रिओ निग्रो, जंगलातला पालापाचोळा कुजून तिचं पाणी खरंच असं काळपट होतं, आणि गढूळ ग्लास म्हणजे सोलिमोइस, अँडीजचा गाळ घेऊन आलेली (ॲमेझॉनलाच तिथं हे नाव आहे). एक कोमट आणि संथ, दुसरी थंड आणि वेगात, म्हणून दोन्ही रंग काही किलोमीटर शेजारी शेजारी वाहतात, मिसळतच नाहीत. नंतर संध्याकाळी पोरांना सांगलीजवळच्या हरिपूरला न्या, कृष्णा-वारणेचा संगम दाखवा आणि दोन नद्या कुठल्या कोनात भेटतात ते कागदावर काढायला सांगा.

मुखाशी माराजो बेट विसरू नका, ते सुमारे ४०००० चौ. किमी आहे. समुद्राची भरती नदीत आत शेकडो किमी, ब्राझीलमधल्या ओबिडोस गावापर्यंत जाणवते, तिथं लाल पेनानं खूण करा.

शेवटी पोरीनं विचारलं, तिथला आयर्विन पूल कुठाय? ॲमेझॉनच्या मुख्य पात्रावर पूलच नाही, मनौसला पाणी बंदरावर मोजतात. तेवढं तिनं स्वतःच्या हातानं नकाशावर लिहिलं.