खुनाच्या अपिलात प्रत्यक्षदर्शीची साक्ष कशी तपासावी

आरोपीच्या अपिलाचं पेपरबुक, म्हणजे खालच्या कोर्टातल्या कागदांची बांधलेली प्रत, हातात आलं की ज्युनिअर मंडळी आधी प्रत्यक्षदर्शीचा सरतपास, म्हणजे सरकारी वकिलांच्या प्रश्नांवर दिलेली साक्ष, काढून बसतात. माझ्याकडे ते चालत नाही. सरतपास सरकारी वकिलांनी बसवून घेतलेला असतो. तो आधी वाचला की घटना डोळ्यांपुढे उभी राहते आणि पुढचे सगळे कागद त्याच रंगात दिसायला लागतात. साक्ष शेवटी वाचायची.

आधी केस काय होणार हे कुणालाच ठाऊक नव्हतं, तेव्हाचे कागद वेळेनुसार लावा. दवाखान्यातली एमएलसी (मेडिको-लीगल केस) नोंद, आकस्मिक मृत्यूची खबर, मरणोत्तर पंचनामा, प्रेतासोबत डॉक्टरला दिलेलं पत्र, फिर्याद, स्टेशन डायरी, मॅजिस्ट्रेटकडे एफआयआर पोचल्याचा शेरा आणि मग पोलिसांनी घेतलेले जबाब. नुसती तारीख नको, तास-मिनिटं लिहा. समजा, मयताचा चुलतभाऊ म्हणतो की रात्री नऊला बांधावर मी तिघांना ओळखलं आणि लगेच पोलीस पाटलाला नावं सांगितली. पहाटे डॉक्टरला गेलेल्या पत्रात मात्र 'अज्ञात इसमांनी मारहाण केल्याने' असं आहे, आणि पोलीस पाटलाला सरकार पक्षाने तपासलेलंच नाही. तुमचं अपील इथे आहे, पानभर उलटतपासात नाही.

गणेश भवन पटेल विरुद्ध महाराष्ट्र राज्य हा 1978 चा निकाल यासाठी पाठ असावा. सेशन कोर्टाने सोडलं, हायकोर्टाने शिक्षा दिली आणि सुप्रीम कोर्टाने सुटका कायम केली. प्रत्यक्षदर्शींचे जबाब घ्यायला काही तास उशीर झाला एवढ्याने केस पडत नाही, हे कोर्टाने स्पष्ट केलं. पण केसला कोणता आकार द्यायचा आणि साक्षीदार कोण दाखवायचे हे ठरवण्यासाठी तपासी अंमलदार मुद्दाम वेळ काढत होता, असं सुचवणारी परिस्थिती सोबत असेल तर तोच उशीर गंभीर ठरतो. म्हणून नुसता 'उशीर, उशीर' करू नका. साक्षीदार तेव्हा तिथेच हजर होता आणि तरी विचारला नाही, हे पान उघडून दाखवा.

मग ओमिशन, म्हणजे कोर्टात सांगितलेली पण पोलीस जबाबात नसलेली गोष्ट. उलटतपासात ठरलेलं वाक्य सापडेल: 'मी पोलिसांना सांगितले होते, त्यांनी का लिहिले नाही याचे कारण सांगता येणार नाही.' हे वाचून खूश होऊ नका. लगेच तपासी अंमलदाराच्या उलटतपासाकडे जा. साक्षीदाराने जबाबात असं सांगितलं नव्हतं, हे त्याच्याकडून वदवून घेतलंय का? साक्षीशी न जुळणारा, 'अ' अशी खूण केलेला जबाबातला भाग साक्षीदाराला दाखवला असेल, तर तो अंमलदारामार्फत शाबीत झालाय का? खालच्या वकिलाने हे राहू दिलं असेल तर हायकोर्टात तो विरोधाभास नसल्यातच जमा. बरीच चांगली अपिलं याच एका न विचारलेल्या प्रश्नावर लंगडी होतात. शिवाय ओमिशन महत्त्वाचं हवं. आरोपीच्या हातात कुऱ्हाड होती हेच जबाबात नसेल तर ते मोठं. शर्टाचा रंग नसेल तर सोडून द्या. साक्षीदाराची स्मरणशक्ती व्हिडिओ टेपसारखी नसते, हे सुप्रीम कोर्टाने भारवाडा भोगिनभाई प्रकरणात 1983 लाच सांगून ठेवलंय आणि सरकारी वकील तो निकाल खिशात घेऊनच येतात.

उजेडासाठी पंचांग काढा. कृष्ण अष्टमीचा चंद्र मध्यरात्रीच्या सुमाराला उगवतो, मग नऊ वाजता 'चांदण्यात पाहिलं' कसं? घटनास्थळ पंचनाम्यात खांब आहे, पण दिवा चालू होता का? बॅटरी जप्त केली का? अर्थात आरोपी भाऊबंद असतील तर हा मुद्दा फार ताणू नका. रोज दिसणारा माणूस आवाजावरून, चालीवरून अंधारातही ओळखू येतो आणि कोर्ट हे मानतं. आरोपी अनोळखी असेल तर ओळख परेड बघा: किती दिवसांनी झाली, डमी (आरोपीसोबत रांगेत उभे केलेले इतर लोक) किती होते, आधी चेहरा झाकला होता का.

पीएम (शवविच्छेदन) रिपोर्टमध्ये जखमेच्या कडा वाचा. साक्षीदार 'कुऱ्हाडीने सपासप' म्हणतो आणि जखमा सगळ्या बोथट माराच्या, तर त्याने धार म्हटलंय की तुंबा, म्हणजे कुऱ्हाडीची मागची बोथट बाजू, हे शोधा. तुंबा म्हटला असेल तर मुद्दा संपला. घाव चार की पाच यावर मात्र वेळ घालवू नका.

'साक्षीदार मयताचा नातेवाईक आहे' हा मुद्दा मी तर अपिलाच्या मेमोतूनच, म्हणजे मुद्द्यांच्या अर्जातूनच, काढून टाकते. जवळचा नातेवाईक सहसा खऱ्या गुन्हेगाराला सोडून भलत्यालाच गुंतवणार नाही, असं सुप्रीम कोर्ट 1953 च्या दलीपसिंग निकालापासून सांगतंय. साक्षीदार एकच आहे, हेही एकट्याने पुरत नाही. वडिवेलू थेवर (1957) नुसार पूर्ण विश्वासार्ह असा एक साक्षीदारही शिक्षेला पुरतो. धड विश्वासार्ह नाही आणि धड खोटाही नाही, अशाला आधार लागतो. तुमच्या साक्षीदाराला या मधल्या गटात ढकलता आलं तरी बरंच काम झालं.

आता सरतपास वाचा. शेजारी तो तास-मिनिटांचा तक्ता ठेवा आणि प्रत्येक ओळीपुढे पेपरबुकाचं पान लिहा. निशाणी नंबर, म्हणजे खालच्या कोर्टाने कागदाला दिलेला क्रमांक, तोंडपाठ असला तरी पानच सांगायचं. न्यायमूर्तींच्या हातात पेपरबुक असतं.